एन्सियोच्या दारातला खराटा

१

दारातला खराटा बाजूला सारून सामुली आत गेला, म्हणून एन्सियो जिवंत सापडला. कोर्पिला गावचं कुणी असतं तर दारातूनच परत फिरलं असतं. तीन माणसं तशी फिरलीही होती, आणि त्यातली एक सायमी होती.

सामुली मुस्तालाम्पी शहराचा. मंगळवारी आणि शुक्रवारी एकट्या म्हाताऱ्यांचे जेवणाचे डबे घेऊन तो गाडीने यायचा. सायमी आपल्या पायाने रेटायच्या घसरगाडीवरून बर्फावर घसरत, धापा टाकत पोचली, तोवर रुग्णवाहिका निघून गेली होती. सामुली पायरीवर बसला होता.

"अहो, मला काय माहीत!" तो म्हणाला. "खराटा दाराला तिरका टेकलेला. म्हटलं, कुणीतरी झाडता झाडता विसरलं. बाजूला केला, दार ढकललं, हाक मारली. तर हे चुलीपाशी पडलेले. डोळे उघडे, तोंड वाकडं. काल सकाळपासून तसेच पडून असतील, असं डॉक्टर म्हणाली."

"खराटा म्हणजे घरात कुणी नाही," शेजारची लेम्पी त्याला म्हणाली. तिचा आवाज चिरका झाला होता. "आमच्यात कुलूप लावत नाहीत, खराटा लावतात. तो दिसला की आत जायचं नाही."

"आणि माणूस आत असला तर?"

शहरातून आलेल्या पोलिसाने वहीत दोन ओळी लिहिल्या. म्हातारा माणूस, वय एक्क्याऐंशी, झटका आला, पडला. त्याच्या दृष्टीने काम संपलं होतं.

"खराटा कुणी लावला?" सायमीने विचारलं.

"त्यांनीच लावला असेल, बाई."

"आत चुलीपाशी पडलेल्या माणसाने बाहेरून खराटा लावला? हात केवढा लांब म्हणायचा त्याचा!"

"मागच्या दाराने आत आले असतील."

"मागचं दार ऑक्टोबरपासून खिळे ठोकून बंद आहे. थंडी येते म्हणून."

पोलिसाने खांदे उडवले. सायमी त्याला तिथेच सोडून घरात गेली. टेबलावर एकच कप होता. भांडी वाळवायच्या कपाटात दुसरा कप उपडा घातलेला होता, धुतलेला. तिने पावाच्या कपाटाचं दार उघडलं आणि मागच्या बाजूचा निळा पत्र्याचा डबा काढला. डबा रिकामा होता.



२

त्या डब्यात काय होतं, हे सायमीला सगळ्यांत चांगलं ठाऊक होतं. तिनेच ते तिथे ठेवायला दिलं होतं.

एकतीस वर्षं ती कोर्पिला ग्रामपालिकेची सचिव होती. साडेआठशे डोकी, एक शाळा, एक दुकान, एक तळं. मग हेलसिंकीत कुणीतरी नकाशावर रेघ पुसली आणि सात वर्षांपूर्वी कोर्पिला मुस्तालाम्पीत विलीन झालं. पाट्या बदलल्या. आधी दवाखाना गेला, मग वाचनालय. सायमीची खुर्चीही गेली. आता पाळी शाळेची होती. गुरुवारी संध्याकाळी पाच वाजता मुस्तालाम्पीची परिषद कोर्पिलाची शाळा बंद करण्याचा ठराव मांडणार होती.

आणि ती बंद होऊ नये अशी सोय एकाच कागदात होती. जवळजवळ शंभर वर्षांपूर्वी हेर्मान तोर्विनेन नावाच्या शेतकऱ्याने शाळेची इमारत आणि तळ्याकाठची सगळी जमीन गावाला दान दिली, ती एका अटीवर. तिथे गावातली मुलं शिकतात तोवर जमीन पालिकेची. ज्या दिवशी शिकवणं थांबेल, त्या दिवशी ती तोर्विनेनांच्या घरी परत. मालकीच्या नोंदवहीत ही अट कुणी चढवलीच नव्हती. ती होती फक्त त्या मूळ कागदावर. मुस्तालाम्पीला तर शाळा बंद करून तळ्याकाठी सुट्टीची घरं बांधायची होती. जमीनच हातातून जाते म्हटल्यावर शाळेला हात लावायची त्यांची छाती झाली नसती.

विलीनीकरणाच्या आदल्या दिवशी दप्तराची खोकी ट्रकवर चढत होती, तेव्हा सायमीने तो कागद आपल्या कोटात घातला. मुस्तालाम्पीला गेला की तो कायमचा गडप होणार, अशी तिची खात्री होती. मग तिने तो एन्सियोला दिला. शाळेचा जुना शिपाई, तोंडाचा घट्ट. म्हणजे तशी तिची समजूत होती. गेल्या शनिवारी दुकानातल्या कॉफीच्या टेबलावर स्वारी जोरात आली आणि सगळ्यांदेखत म्हणाली, "घाबरता कशाला? कागद माझ्या पावाच्या डब्यात आहे! गुरुवारी शहरवाल्यांना तोच खायला घालू!"

सोमवारी संध्याकाळी सायमी तो कागद आणायला गेली. दाराशी खराटा दिसला. बहिणीकडे गेला असेल, असं म्हणून ती परत फिरली. आत तो जमिनीवर पडला होता, डोळे उघडे ठेवून.

रडायला मात्र वेळ नव्हता. मंगळवारचे दोन वाजले होते, आणि हातात जेमतेम दोन दिवस होते.

३

"शहरवाल्यांचंच काम," लेम्पी ठामपणे म्हणाली. तिने सायमीपुढे वेलदोड्याचे गोड पाव ठेवले. एन्सियोसाठी केलेले तेच पाव, कालचे. "तो पालिकेतला ओयाला शुक्रवारी फिरत होता तळ्याकाठी, मोजायची फीत घेऊन."

"सोमवारी कुणी आलं होतं का गल्लीत?"

"मी सकाळी सहापासून ह्या खिडकीत आहे. कुत्रंसुद्धा फिरकलं नाही. बर्फ सहाला थांबला. मग काय, बर्फ काढणाऱ्या रेयोचा ट्रॅक्टर आला, गेला. दहाला मी हे पाव घेऊन गेले. घरातल्या सपातांवरच गेले बघ, अंगण इतकं स्वच्छ. तर दाराशी खराटा!" तिचे डोळे भरले. "दार ढकललं असतं गं मी, तर..."

"आपण दोघींनीही नाही ढकललं, लेम्पी."

"स्वच्छ अंगण माझ्या नशिबी कुठलं! शनिवारी लेकीकडून आले तर गुडघाभर बर्फ. मी खराटा लावून गेलेले ना, मग रेयो कशाला ट्रॅक्टरचं पातं खाली टाकतोय! डिझेल वाचवतो मेला." तिने नाक पुसलं आणि आवाज खाली आणला. "आणि मुख्याध्यापिकाबाईंचं माहितीये? शहरातल्या मोठ्या शाळेत जागा देतायत म्हणे त्यांना. इथली बंद झाली की."

मुख्याध्यापिका रीक्का शाळेतच भेटली. ती जिम्नॅशियमच्या भिंतीवर मुलांची चित्रं लावत होती. परिषदेपुढे मांडायला सतरा चित्रं होती, सतरा मुलांची.

"हो, देतायत जागा," ती सरळ म्हणाली. "मागच्या महिन्यात पत्र आलं. मी नाही म्हणून कळवलं. पत्र दाखवू?"

"नको. सोमवारी तू एन्सियोकडे गेली होतीस?"

"चारला गेले. कागदाचा फोटो काढून घ्यावा म्हटलं." रीक्काने टाचणी भिंतीत खुपसली. "खराटा होता, सायमीबाई. मी परत आले. आज कळल्यापासून मला तेवढंच दिसतंय डोळ्यांपुढे."

तेवढ्यात दारातून थंड हवेचा झोत आला आणि त्यामागून रेयो. रेयो तोर्विनेन, हेर्मानचा नातू, साठीला टेकलेला, आडवा, मोठ्याने हसणारा माणूस. हिवाळाभर गावाचा बर्फ काढायचं कंत्राट त्याचं, आणि 'शाळा वाचवा' समितीचा अध्यक्षही तोच. सगळ्यांत मोठा फलक त्याच्या गोठ्याच्या भिंतीवर होता.

"मिळाला का कागद?" त्याने विचारलं. सायमीने मान हलवली. "गेलं म्हणजे सगळं! त्या ओयालाने जाळलासुद्धा असेल. मी म्हणतो, सरळ त्याच्या कचेरीत घुसू या."

"तू सोमवारी एन्सियोला पाहिलंस?"

"कुठलं! आठला गेलो होतो त्याच्याकडे, नेहमीसारखा. लांबूनच खराटा दिसला. म्हटलं, आज कॉफी नाही नशिबात. तसाच पुढे गेलो." त्याने टोपी काढून हातात चुरगळली. "आत पडलाय हे कळलं असतं तर!"

त्या संध्याकाळी सायमीने स्वयंपाकघरात बसून सगळं पुन्हा मनात फिरवलं. कुणीतरी आत गेलं, कॉफी प्यालं, कप धुतला, कागद घेतला आणि बाहेर पडताना खराटा लावला. एन्सियोला जमिनीवर पाहून लावला. बाहेर पुन्हा बर्फ पडायला लागला होता.

४

बुधवारी सकाळी साडेसहाला तिने आपल्याही दाराशी खराटा टेकवला आणि मुस्तालाम्पीची बस पकडली.

इस्पितळात एन्सियो पांढऱ्या चादरीत इवलासा दिसत होता. त्याने तिला ओळखलं. ओठ हलले, पण शब्द फुटला नाही. उजवा हात निपचित पडलेला होता. "महिनाभर लागेल," नर्स म्हणाली, "कदाचित जास्त."

"एन्सियो, मी शोधते," सायमीने सांगितलं. "तू पड."

तिथून ती थेट पालिकेच्या इमारतीत गेली. तोमी ओयाला हा पालिकेच्या जमिनींचा अधिकारी. चकचकीत टेबल, चकचकीत बूट. गावात त्याच्या नावाने सगळे बोटं मोडत, आणि सायमी त्यात कुणाच्या मागे नव्हती.

"तुम्हाला वाटतंय तो कागद मी चोरला," तो शांतपणे म्हणाला. "सोमवारी सकाळी आठ ते बारा मी ह्याच खोलीत बैठकीला होतो, सात जणांबरोबर. हवं तर विचारा."

"मग खराटा तुम्ही नाही लावलात."

"कसला खराटा?"

त्याच्या चेहऱ्यावर खरोखरच काही नव्हतं. सायमीने त्याला खराट्याचा अर्थ आणि रिकाम्या डब्याची गोष्ट सांगितली. त्याने नीट ऐकून घेतलं.

"माझ्या इमारतीत कुणाला हे ठाऊक असेल असं वाटत नाही," तो म्हणाला. "आणि एक सांगू, केत्तुनेनबाई? असा कागद मला सापडला असता, तर तो दहा मिनिटांत कातरणयंत्रात गेला असता. कपाटातून काढायचा, डबा जागेवर ठेवायचा, गावाला पत्ता लागू द्यायचा नाही, इतका खटाटोप कशाला? आमच्या दृष्टीने तो कागद नसलेलाच बरा. जो कागद नष्टच करायचा, त्यासाठी खराटा लावून दोन-तीन दिवसांचा वेळ काढायची गरज काय?"

त्याचं बोलणं सायमीला मुळीच आवडलं नाही, कारण ते खरं होतं. बसमध्ये ती खिडकीला डोकं टेकून बसली. खराटा लावणारा शहरातला नव्हता, म्हणजे तो कोर्पिलाचाच होता. तिच्या ओळखीचा, तिच्याबरोबर कॉफी पिणारा. कालपासून चोर शहरातलाच निघावा अशी तिची मनापासून इच्छा होती, आणि आता ती इच्छा बसच्या पायरीवरच ठेवून उतरणं भाग होतं.

५

दुपारी बाराला ती घरी पोचली. सूर्य लख्ख होता, आणि तिचं अंगण रस्त्यापासून पायरीपर्यंत गुडघाभर बर्फाने भरलेलं होतं.

"रेयो, तुझं तळपट होवो!" सायमी मोठ्याने म्हणाली.

शेजारची दोन्ही अंगणं साफ झालेली होती. तिचंच तेवढं राहिलं होतं. बर्फात पाय बुडवत, शिव्या देत ती अर्ध्यापर्यंत पोचली आणि तिला दाराशी टेकलेला खराटा दिसला. बरोबरच होतं. घरात माणूस नाही, तर अंगण साफ कुणासाठी करायचं? खराटा दिसला की रेयो पातं उचलतो आणि ट्रॅक्टर वळवतो. वीस वर्षं हेच चाललं होतं, आणि वीस वर्षं सगळे त्याला त्यावरून बोलत होते.

सायमी अर्ध्या अंगणातच थांबली. बुटांत बर्फ शिरत होता, तरी ती हलली नाही.

एन्सियोचं अंगण साफ होतं. मंगळवारी तिने स्वतः पाहिलं होतं, पायरीपर्यंत, कडा पाव कापल्यासारख्या सरळ. सोमवारी दहाला लेम्पी तिथून सपातांवर चालत गेली होती. सहानंतर बर्फ पडला नव्हता आणि गल्लीत रेयोच्या ट्रॅक्टरखेरीज काही आलं नव्हतं. म्हणजे रेयोने ते अंगण साफ केलं, तेव्हा दाराशी खराटा नव्हताच.

मग 'लांबूनच खराटा दिसला' असं तो का म्हणाला?

आणि गुरुवारपर्यंत वेळ कुणाला हवा होता? शहराला कागद नकोच होता. कागद हवा होता, पण ठराव होईपर्यंत दिसायला नको होता, असा माणूस जगात एकच होता. शाळा बंद झाली की शुक्रवारी सकाळी तो कागद घेऊन पालिकेत जाणार होता आणि आजोबांची जमीन मागणार होता.

म्हणजे कागद शाबूत होता. सायमी घरात गेलीच नाही. ती वळली आणि आपल्याच पावलांच्या खड्ड्यांतून रस्त्याकडे निघाली.

६

रेयोच्या गोठ्यावर 'शाळा वाचवा'चा फलक फडफडत होता. ट्रॅक्टरच्या बॉनेटवरचा बर्फ वितळून ठिबकत होता, चिमणीतून धूर निघत होता. आणि घराच्या दाराशी खराटा तिरका टेकलेला होता.

सदुसष्ट वर्षांत सायमीने असं दार कधी उघडलं नव्हतं. आज तिने खराटा उचलला, बर्फात फेकला आणि आत शिरली.

रेयो टेबलाशी बसला होता. तो ताडकन उठला.

"खराटा दिसला नाही का, सायमीबाई?"

"दिसला. परवाही दिसला होता, म्हणून मी परत गेले. आता ती चूक करायची नाही." तिने त्याच्यासमोरची खुर्ची ओढली. "तू त्याचं अंगण साफ केलंस, रेयो. खराटा असता तर तू पातं खाली टाकलं नसतंस. आधी अंगण, मग कॉफी, मग कागद, आणि खराटा सगळ्यांत शेवटी. कप धुतलास, पण अंगणात बर्फ परत कसा घालणार होतास?"

रेयोने हसण्याचा प्रयत्न केला. "सिद्ध करा."

"सिद्ध करायला नाही आले. न्यायला आलेय."

"ती जमीन माझ्या आजोबांची आहे!" तो एकदम ओरडला. "सतरा मुलं आहेत शाळेत. तीन वर्षांनी सात असतील. तेव्हा ती बंद होणारच ना? तोवर शहरवाले दुसरी काहीतरी पळवाट शोधतील आणि माझ्या आजोबांच्या काठावर त्यांची घरं उभी राहतील. गाव तुम्हीच देऊन टाकलंत त्यांना. विलीनीकरणाचं इतिवृत्त तुमच्याच अक्षरात आहे!"

हे सायमीच्या वर्मी लागलं, आणि तिने ते लपवलं नाही. "हो, माझ्याच अक्षरात आहे. म्हणून तर मी ही शाळा जाऊ देणार नाही. आता सांग, एन्सियोचं काय झालं?"

रेयो खाली बसला.

"मी नुसता बघायला मागितला. त्याने दाखवला. मग म्हटलं, माझ्याकडे ठेवतो. तो भडकला, उठला, आणि... पडला. मी हात नाही लावला त्याला, शपथेवर सांगतो. हाका मारल्या. हलेना. मला वाटलं, संपला." त्याचा आवाज फाटला. "मेलेल्या माणसाला काय घाई, असं वाटलं मला. गुरुवारनंतर सापडला तरी काय बिघडतंय, असं वाटलं."

"तो मेला नव्हता. सव्वीस-सत्तावीस तास जमिनीवर पडून दारापर्यंत येणारी आणि परत जाणारी आमची पावलं ऐकत होता. लेम्पीची, रीक्काची, माझी. लेम्पी कालपासून जेवली नाहीये. आपण दार ढकललं असतं तर, एवढंच बोलते. ते ओझं तिचं नाहीये, रेयो. ते तुझं आहे. काढ तिच्या डोक्यावरून."

रेयोने दोन्ही हातांनी चेहरा झाकला. मग तो उठला, भिंतीवरचं बंदुकीचं कपाट उघडलं आणि पिवळा लिफाफा टेबलावर ठेवला.

"पोलिसांना तू सांगतोस की मी सांगू?" सायमीने विचारलं.

"मी सांगतो," तो म्हणाला, आणि फोन हातात घेतला. तो बोलायला लागेपर्यंत सायमी खुर्चीवरून उठली नाही.

७

गुरुवारी पाच वाजता मुस्तालाम्पीच्या सभागृहात कोर्पिलाची निम्मी माणसं भिंतीला टेकून उभी होती. रीक्काने चित्रं मांडली. सायमीने लिफाफा अध्यक्षांपुढे ठेवला आणि अट मोठ्याने वाचून दाखवली. ओयाला पुढे आला, कागद उजेडात धरून पाहिला, शिक्का पाहिला.

"अस्सल आहे," तो म्हणाला. सुट्टीच्या घरांचा बेत बारगळत असूनही त्याने ते सरळ सांगितलं.

अध्यक्ष एक पोक्त बाई होत्या. त्यांनी चष्मा वर केला. "प्रश्न एवढाच उरतो, केत्तुनेनबाई. हा मूळ कागद सात वर्षांपूर्वी आमच्या दप्तरात यायला हवा होता. तो का आला नाही? हे स्पष्ट झाल्याशिवाय मला तो दाखल करून घेता येणार नाही."

लेम्पीने सायमीची बाही ओढली. "म्हण, माळ्यावर सापडला," ती कुजबुजली. "कोण विचारतंय!"

"आला नाही, कारण मी तो चोरला," सायमी म्हणाली. "विलीनीकरणाच्या आदल्या दिवशी, दप्तराच्या खोक्यातून."

कोपऱ्यात इतिवृत्त लिहिणाऱ्या तरुण मुलीचे हात थांबले. तिने अध्यक्षांकडे पाहिलं. अध्यक्षांनी घसा खाकरला.

"म्हणजे आपण तो सुरक्षित राहावा म्हणून ताब्यात ठेवलात. असं लिहू या का?"

त्यांचा हेतू चांगला होता, आणि सायमीला तो समजला. नुसतं 'हो' म्हटलं असतं तर भागलं असतं. खटला नाही, पेन्शनची चौकशी नाही. तिच्या डोळ्यांपुढे पांढऱ्या चादरीतला एन्सियो होता, शब्दासाठी धडपडणारा.

"नाही," ती म्हणाली. "मी एकतीस वर्षं इतिवृत्तं लिहिली आहेत. जे झालं ते लिहायचं असतं. चोरला, असंच लिही, बाळ. सायमी केत्तुनेन, कोर्पिला ग्रामपालिकेची सचिव, हिने चोरला. सुरक्षित ठेवला असता, तर एन्सियो आज बोलत असता."

मुलीने लिहिलं. कागद दाखल झाला, आणि पावणेसहाच्या सुमाराला कोर्पिलाच्या शाळेचा विषय यादीतून काढला गेला. भिंतीपाशी कुणीतरी हुंदका दिला, कुणीतरी टाळ्या वाजवल्या. सायमीने इतिवृत्ताचं पान मागून घेतलं, आपलं वाक्य पहिल्या शब्दापासून शेवटपर्यंत वाचलं, आणि खाली सही केली.